सहा नंबरच्या चित्रातला माणूस

मादेरा, कॅलिफोर्निया
गुरुवार, २४ जून २०२१

प्रिय रुफिना,

फोन हाताशी असताना ही बाई पत्र कशाला लिहीत बसली, असं तुला वाटलं असणार. त्याचं कारण आधी सांगते. तुझा फोन म्हणजे अख्ख्या गावाचा फोन. तू टेकडीवर जाऊन माझा निरोप ऐकतेस तेव्हा तुझ्या मागे चार जणी कान टवकारून उभ्या असतात, आणि मी इथे शिंकले तरी तिथे संध्याकाळपर्यंत सगळ्यांना कळलेलं असतं. मला जे सांगायचंय ते तू एकटीनं, दार लावून वाचायचं आहे. आपली बोली लिहायची म्हटली की माझा हात अडतो, म्हणून स्पॅनिशमध्येच लिहितेय. तुला अक्षरं मीच घासून घासून शिकवलीत, तेव्हा वाचता येत नाही हे सोंग निदान माझ्यापुढे करू नकोस. पार्सलवाला शनिवारी निघतोय. त्याच्याकडे तुझे बूट, गुडघ्याचं मलम आणि हे पाकीट देतेय.

रविवारचा तुझा निरोप मी तीनदा ऐकला. आमचं स्टेशन १३ जुलैला बंद होणार हे कळल्यापासून तुझा जीव थाऱ्यावर नाही, ते आवाजावरून कळतंच आहे. तू म्हणालीस, "ताई, शेवटच्या दिवशी लोकांचे वाढदिवस आणि बारशी राहू देत बाजूला. नऊ ते अकरा, पूर्ण दोन तास, फक्त त्यांना हाक मार. परत संधी नाही मिळायची." मी तुला हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. नुसतं "बघू" म्हणून निरोप पाठवला, आणि तू चिडली असशील. मेलितोन तुझा नवरा खरा, पण माझाही पाठचा भाऊ आहे, आणि त्याला त्या दिवशी हाक मारायची की नाही, हा एकच प्रश्न गेले चार दिवस मी घोळवत बसलेय. उत्तर या पत्रात आहे, शेवटी. मधलं गाळून तिथे उडी मारू नकोस, तुला ती खोड आहे.

तू मला नेहमी विचारतेस की ताई, तू नक्की टीव्हीत आहेस की रेडिओत? दर वेळी मी ते हसण्यावारी नेते. आज नीट सांगते, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे. आमचं स्टेशन कागदोपत्री टीव्हीचं आहे. सहा नंबरचं चॅनेल, अगदी कमी ताकदीचं, मादेराभोवतीची शेतं संपली की तेही संपलं. पण सहा नंबरच्या टीव्हीचा आवाज रेडिओवरही लागतो. काटा अगदी डावीकडे, टोकाला नेऊन ठेवायचा की लागला. हे ज्यांना कळलं त्यांनी टीव्हीचा परवाना घेऊन खुशाल रेडिओ चालवायला घेतला. आमचा मालक सिल्वेइरा त्यातलाच. पोर्तुगीज, आधी दुधाचा धंदा करायचा, म्हातारा तिरसट आहे पण मनाचा वाईट नाही. आता परवाना टीव्हीचा म्हटल्यावर काहीतरी चित्र दाखवावं लागतं, नाहीतर परवाना जातो. मग त्यानं काय केलं, दाराच्या वर छपराला एक कॅमेरा ठोकला आणि विसरून गेला. समोर द्राक्षांचा मळा, मधून मातीची वाट, वाटेच्या टोकाला पाण्याची टाकी. एवढंच चित्र, बारा महिने. "बघायला कोण बसलंय?" असं सिल्वेइरा म्हणतो, आणि ते खरंच होतं. चित्राचा आवाजाशी काही संबंध नाही. पडद्यावर द्राक्षांची पानं हलतायत आणि मी सांगतेय की अमक्याच्या मुलीच्या बाप्तिस्म्याचं जेवण रविवारी आहे, येताना आपापली खुर्ची आणा. आता सरकारनं असल्या जुन्या पद्धतीच्या चॅनेलांना तारीख दिली, आणि नवं यंत्र बसवायची सिल्वेइराला उमेद नाही.

माझं काम तुला माहीत आहे. सकाळी नऊ ते अकरा, आपल्या बोलीत. कुठल्या मळ्यात माणसं हवीत, कुठे फवारणी झालीय म्हणून जाऊ नका, कुणाची म्हातारी गावाकडे वारली, कुणाला मुलगा झाला. आपली माणसं द्राक्षांच्या ओळीत रेडिओ टांगून काम करतात आणि माझ्या चुका काढतात. आणि साडेनऊ वाजता मेलितोन. साडेनऊच का, तेही तुला ठाऊक आहे. आठ वर्षांपूर्वीच्या त्या जूनमध्ये तो वाळवंटातून सरहद्द ओलांडून येत होता, आणि माझा फोन आवाज बंद करून टेबलावर पडला होता. साडेनऊला त्याचा दिवा लुकलुकला. अनोळखी नंबर. मी कुणाच्या तरी जुळ्यांना वाढदिवसाच्या शुभेच्छा देत होते. दिवा तीनदा लुकलुकला आणि थांबला. अकरा वाजता मी उलट फोन लावला तर तो बंद. परत कधी लागला नाही. तू यावरून आजवर मला एका शब्दानं टोचलं नाहीस. टोचलं असतंस तर बरं झालं असतं गं, मीही चार शब्द उलट बोलले असते आणि मोकळी झाले असते.

तूच मला म्हणालीस की ते कुठेतरी दचकलेत, त्यांचा जीव तिथेच बसून राहिलाय, ताई, तू हाक मार. मला ते पटलं. आपल्याकडे पोरासोरांनाही हे माहीत असतं. माणूस जिथे घाबरला तिथे त्याचा जीव राहतो आणि नुसतं अंग घरी येतं. मग जाणती बाई त्या जागी जाते, जमिनीवर फांदी आपटते, नाव घेऊन हाक मारते आणि घराकडे चालायला लागते. मागे वळून बघायचं नाही. जीव तिच्या आवाजामागून येतो. मी पाच वर्षांची असताना ओढ्यात पडले होते तेव्हा माझा जीव असाच परत आणला होता, हे आई शंभरदा सांगायची. तर वाळवंटातली जागा मला माहीत नव्हती. म्हटलं, हवेतून जाणारा आवाज कुठेतरी पोहोचेलच. तू सांगितलेले शब्द मी म्हणायचे, "मेलितोन, घाबरू नकोस, ऊठ, घरी चल." आणि शेवटी माझ्या मनाचं जोडायचे, "माझ्या आवाजामागून ये." रोज तीन हाका, रविवार सोडून. दर शनिवारी त्यातली एक तुला फोनवर पाठवायची. गेल्या वर्षी तू मला म्हणालीस, "ताई, तुझ्या हाकेत पूर्वीचा जीव राहिला नाही, शाळेत हजेरी घेतल्यासारखी मारतेस." मी म्हटलं, इथे साथ चाललीय, रोज दोन-दोन मरणं वाचून दाखवतेय, जीव आणू कुठून? तुझे कान फार तिखट आहेत, रुफिना.

आता नाबोरकाकांचं सांगते. हा म्हातारा आपल्या पलीकडच्या डोंगरातला, बोली आपलीच पण हेल वेगळा. नदीच्या बाजूला पत्र्याच्या फिरत्या घरांची वस्ती आहे, तिथे एकटा राहतो. मळ्यात जायचं वय गेलं. त्याच्याकडे कुणीतरी रस्त्यावर टाकून दिलेला खोक्यासारखा जुना टीव्ही आहे, आणि त्यावर आमच्याशिवाय काही लागत नाही. म्हणजे सिल्वेइराच्या चित्राला जगात एकच प्रेक्षक, आणि तोही तक्रारखोर. रोज फोन करायचा. "बाई, टाकीवर बगळा येऊन बसलाय आणि तू अजून सांगितलं नाहीस." "बाई, कॅमेऱ्यावर कोळ्यानं जाळं केलंय, त्या पोर्तुगीजाला सांग, शिडी लाव म्हणावं." मी ते फोन मुद्दाम प्रक्षेपणावर घ्यायची, कारण मळ्यातल्या लोकांना त्याची फार मजा वाटायची.

मार्चमध्ये एके सकाळी त्याचा फोन आला. "बाई, सिल्वेइरानं नवा गडी ठेवलाय काय? टाकीपाशी उभा आहे. नुसता उभा. त्याला काहीतरी काम द्या, नाहीतर घरी तरी पाठवा." मी खिडकीतून पाहिलं. लख्ख ऊन पडलं होतं आणि टाकीपाशी कुणी नव्हतं. माझ्या टेबलासमोर छोटा पडदा आहे, कॅमेऱ्यातलं चित्र तारेनं थेट त्यावर येतं. तिथेही कुणी नव्हतं. म्हटलं, काका, आधी डोळ्यातला मोतीबिंदू काढून घ्या, मग माणसं मोजा. तो हसला, मी हसले, मळे हसले. दुसऱ्या दिवशी त्यानं सांगितलं की गडी दोन ढांगा पुढे आलाय. तिसऱ्या दिवशी आणखी थोडा. लोकांना तर विषयच मिळाला. कुणी त्या आळशी गड्याला नमस्कार सांगायचं, कुणी त्याच्यासाठी गाणं लावायला सांगायचं, आणि मीही मूर्ख, लावत होते. पंधरा दिवस असं चाललं. मग एकदा अकरानंतर, मी बंद करून उठत होते, तेव्हा काकांचा फोन आला. आवाजात थट्टा नव्हती. म्हणाला, "बाई, एक सांगतो, रागावू नकोस. तू साडेनऊला ज्याला हाक मारतेस ना, हा तेव्हाच हलतो. एरवी खांबासारखा. तुझ्या तीन हाका होतात तसा पुढे येतो आणि थांबतो. रविवारी जागचा हलत नाही. मी दोन रविवार बघितलंय." मी उठले होते ती परत खुर्चीत बसले, खिडकीकडे पाठ करून, आणि बाहेर ऊन असं होतं की पत्रा तडतडत होता.

एप्रिलमध्ये मी दोन तासांचा कार्यक्रम आदल्या दिवशी बोलून ठेवला, साडेनऊच्या हाकांसकट. सिल्वेइराला सांगितलं, दवाखान्यात जाते, तू हे नुसतं लावून दे. आणि नाबोरकाकांकडे गेले. त्यानं खुर्ची पुसली, कॉफी दिली, तिच्यात दालचिनी जास्त पडली म्हणून तीनदा माफी मागितली. टीव्हीच्या अँटेनाला चांदीचा कागद गुंडाळलेला. पडद्यावर मुंग्या, आणि मुंग्यांमागे आमचा मळा. आवाज माझाच, मी मोठ्या उत्साहात कुणाची तरी हरवलेली शेळी वर्णन करतेय. आणि मातीच्या वाटेवर, टाकी आणि दार यांच्या मधोमध, एक माणूस उभा. तोंड नीट दिसत नव्हतं. टोपी डोक्यावर नाही, हातात. डावा खांदा उतरलेला. आणि रुफिना, तो एका पायावर उभा राहून दुसऱ्या पायाची टाच पोटरीवर घासत होता. आई रागवायची तेव्हा तो असाच उभा राहायचा, आणि आई म्हणायची, आधी दोन पाय जमिनीवर ठेव मग खोटं बोल. मला तोंड बघायची गरजच नव्हती. साडेनऊ वाजले. टीव्हीतून माझा आवाज आला, "मेलितोन, घाबरू नकोस." त्यानं पाय खाली ठेवला. एक पाऊल. दुसरी हाक, दुसरं. तिसरी, तिसरं. काका माझ्याकडे बघत होता, पडद्याकडे नाही. मी विचारलं, काका, हे कॅमेऱ्यात का दिसत नाही? खिडकीतून का दिसत नाही? तो म्हणाला, "तू हवेत हाक मारलीस. तो हवेतच आहे. तुझ्या तारेत कसा सापडेल?"

त्या दिवसापासून मी मागच्या दारानं जाते-येते. सिल्वेइरानं विचारलं तर म्हटलं, पुढे ऊन लागतं. तो म्हणाला की मागे खताची पोती आहेत आणि वासानं डोकं उठतं, तर बायकांचं काही कळत नाही. बिचारा रोज त्या पुढच्या दारातून जातो, पायरीवर बसून सँडविच खातो. त्याला काही होत नाही. एकदा फक्त मला म्हणाला की या पायरीवर बसलं की उगाच घरी जावंसं वाटतं, आणि खरंच दुपारी तीनलाच निघून गेला. तू म्हणशील, ताई, इतकं कळल्यावर तू हाका का थांबवल्या नाहीस? थांबवायला धीर लागतो. मारली तर तो एक ढांग जवळ येणार, नाही मारली तर भर मातीत तसाच उभा राहणार, पाय घासत. आणि शनिवारी तू विचारणार, या आठवड्याची हाक कुठे आहे? मी मारत राहिले. तोंडानं हाक मारायची आणि मनात म्हणायची, येऊ नकोस रे बाबा. रात्रंदिवस एकच विचार, माझं चुकलं कुठे? आणि एके दिवशी मळ्यात काम करणारी एक आई आपल्या रडणाऱ्या पोराला हाक मारत पुढे चालताना दिसली, ते पोर रडत रडत तिच्या मागे, आणि मी भर रस्त्यात कपाळावर हात मारून घेतला. हाक मारणारीनं चालायचं असतं गं! घराकडे चालायचं असतं. मी आठ वर्षं एका खुर्चीत बसून म्हणत राहिले की माझ्या आवाजामागून ये. माझा आवाज कुठे गेलाच नाही. मग तो तरी दुसरीकडे कुठे जाणार? वाळवंटातून उठला आणि गावाकडे न जाता एकेक पाऊल टाकत इथे आला, या प्रक्षेपणाच्या खांबाशी, जिथे त्याचं कुणी घर नाही.

सोमवारी मी परत काकांकडे गेले, पुन्हा सगळं आधी बोलून ठेवून. आता तो दाराच्या इतका जवळ आहे की वरच्या कॅमेऱ्यातून त्याची टाळू आणि खांदेच दिसतात. केसात माती. काकानं खुर्ची पुसली नाही की कॉफी विचारली नाही, नुसता बाजूला सरकला. साडेनऊ झाले. पहिल्या हाकेला तो पायऱ्यांच्या खाली आला. दुसरीला पहिल्या पायरीवर. तिसरीच्या आधी त्यानं मान वर केली आणि कॅमेऱ्यात बघितलं. सगळं सांगत नाही, तुला झोप यायला हवी. तोच होता, एवढं पुरे. वर मी तुला सांगितलं ना, आमच्या चित्राचा आवाजाशी काही संबंध नसतो? त्या वेळी होता. टीव्हीतून माझा आवाज येत होता आणि ओठ त्याचे हलत होते. शब्दाला शब्द. "मेलितोन, घाबरू नकोस, ऊठ, घरी चल. माझ्या आवाजामागून ये." माझ्या आवाजात, त्याच्या तोंडानं. त्याला तुझं नाव आठवत असेल, आईचं आठवत असेल, मला माहीत नाही. मला वाटतं, आता त्याच्याजवळ मी रोज घातलेले तेवढेच शब्द उरलेत, आणि त्यांचा अर्थही त्याला कळत नाही, आपण म्हणत राहायचं एवढंच कळतं. काकानं उठून टीव्हीवर टॉवेल टाकला. म्हणाला, "आता पुरे कर, बाई. दारात आलाय. आत घेऊन ठेवणार कुठे?"

मंगळवारपासून मी हाक मारलेली नाही. हे तुला आत्ता कळतंय. साडेनऊला गाणं लावते. मळ्यातून फोन आले, मेलितोनला विसरलीस का म्हणून, मी घसा बसलाय सांगितलं. तो दारापासून तीन पावलांवर आहे, मोजून तीन. तू म्हणतेस तसं शेवटच्या दिवशी दोन तास हाक मारली तर तो आत येईल, माझ्या खुर्चीपाशी येईल, आणि मग सिल्वेइरा खटका खाली करेल. मग कुठल्याच टीव्हीवर तो दिसायचा नाही. तो आहे की गेला, बसलाय की उभा आहे, काही कळायचं नाही. या रिकाम्या खोलीत तो माझं बोलणं माझ्याच आवाजात बडबडत राहील आणि ऐकायला कुणी नसेल. माझ्या भावाचं असं मी करणार नाही, रुफिना. तू कितीही रड, कितीही शिव्या दे, त्या दिवशी मी त्याला हाक मारणार नाही.

आता शेवटचं, आणि हेच सांगण्यासाठी बसले होते. हरवलेल्यांचा शोध घेणाऱ्या त्या कचेरीतल्या बाईला मी थुंकी दिली होती, वाळवंटात सापडलेल्या हाडांशी जुळवून बघायला, ते तुला माहीत आहे. तुला सांगितलं की उत्तर आलं नाही. आलं होतं. गेल्या वर्षी फेब्रुवारीत आलं. मेलितोन गेलाय, त्याच जूनमध्ये गेलाय, फोननंतर फार तर एक-दोन दिवस. त्याच आठवड्यात तू निरोप पाठवला होतास की घराला चुना काढतेय, यंदा ते सणाला येणार असं वाटतं, आणि तू हसत होतीस, किती वर्षांनी हसत होतीस. मला सांगवेना. दीड वर्ष मी मेलेल्या माणसाला जिवंत म्हणून हाका मारल्या, आणि त्याची हाडं तिकडे खोक्यात पडून राहिली कारण मी कागदावर सही करत नव्हते. काल केली. ऑगस्टमध्ये तो गावी येईल. पण ती हाडं. बाकीचा इथे पायरीवर उभा आहे, आणि त्याला इथून हलवणं आता माझ्या हातात नाही, माझा आवाज त्याला फक्त माझ्याकडेच आणतो. तू ने त्याला. १३ जुलैला, मंगळवारी, तुझ्याकडे साडेअकरा वाजता, म्हणजे इथल्या साडेनऊला, टेकडीवर जा. एकटी जा. मी फोन लावेन आणि तुझा आवाज प्रक्षेपणावर घेईन. त्याला नावानं हाक मार, आणि फोन कानाला लावून टेकडीच्या धारेनं कबरींकडे चालायला लाग, शेवटपर्यंत रेंज असते तिथे. मागे वळून बघू नकोस. काय बोलायचं ते तुझं तू ठरव, तो मेलाय हे मात्र त्याला सांग, कारण ते त्याला अजून कुणी सांगितलेलं नाही. नाबोरकाका टीव्हीसमोर बसलेला असेल. पायरी रिकामी झाली की तो मला दुसऱ्या फोनवर सांगेल, पण तू मात्र कबरींपर्यंत थांबू नकोस. मला माफ करायचं की नाही ते नंतर बघू, त्याला घाई नाही. मी साडेनऊला मायक्रोफोन उघडीन आणि गप्प बसेन.

तुझी अपराधी, आणि तरीही तुझीच,
ओतिलिया